बटणाला नाव नसते
(द्वितीय वर्ष, कला)

घरातले पहिलेच माणूस कॉलेजात गेले म्हणजे त्याच्या अंगावर कोणकोणती कामे येऊन पडतात, ते प्रवेशअर्जात कोठेही छापलेले नसते. आमच्या आळीत कोणाचा मोबाइल अडला, कोणाचे आधार बँकखात्याला जोडायचे राहिले, कोणाच्या विहिरीवरच्या मोटारीचा स्टार्टर बसला, की माणसे सरळ आमच्या दारात येतात. "कॉलेजात जातीस न्हवं? मग बघ की जरा." मी मराठी घेऊन बी. ए. करते आहे, मला फार तर अलंकार ओळखता येतील, हे सांगून काही उपयोग नसतो. त्यामुळे गेल्या दिवाळीच्या सुट्टीत माझा धाकटा भाऊ दोन शिंगांची एक काळी प्लॅस्टिकची वस्तू घेऊन माझ्यापुढे येऊन बसला आणि "ताई, हे चालू करून दे," म्हणाला, तेव्हा मला नवल वाटले नाही. भीती मात्र वाटली. कारण त्या वस्तूला पडलेले नऊशे रुपये त्याचे स्वतःचे होते.

ती वस्तू वाचकांपैकी पुष्कळांनी पाहिलेली असेल. पोरे तिला 'रिमोट' म्हणतात, कोणी 'जॉयस्टिक' म्हणतात, दुकानदार 'गेम कंट्रोलर' म्हणतो. दोन्ही हातांत धरायची, अंगठ्यांनी दांड्या फिरवायच्या, बटणे दाबायची आणि पडद्यावरचा माणूस पळवायचा. ती संगणकाला जोडायची कशी आणि जोडून चालली नाही तर बिघाड हुडकायचा कसा, एवढेच या लेखात सांगायचे आहे. आमच्या प्राध्यापकांना विषय किरकोळ वाटेल. आमच्या घरी तो किरकोळ नव्हता. का नव्हता, ते आधी सांगते.

तीन वर्षांपूर्वी कडबाकुट्टीत धाकट्याच्या डाव्या हाताची चार बोटे गेली. अंगठा राहिला. आता तो तेरा वर्षांचा आहे. शाळेत क्रिकेटचा सामना असला की त्याला धावा लिहायला बसवतात. त्याचे अक्षर चांगले आहे, असे कारण सांगतात. माझ्या शिक्षणासाठी आम्ही एक जुना संगणक घेतला होता, त्यावर आधीच्या मालकाचा फुटबॉलचा एक खेळ राहून गेला होता. कीबोर्डवर तो खेळायचा म्हणजे उजव्या हाताने बाणांच्या कळा दाबून खेळाडू पळवायचा आणि डाव्या हाताच्या तीन बोटांनी पास द्यायचा, फटका मारायचा, चेंडू हिसकावायचा. नेमकी ती बोटे त्याला नाहीत. तो उजव्या हातानेच पळवी, तोच हात उचलून फटक्याच्या कळेवर नेई, आणि तोवर चेंडू दुसऱ्यानेच नेलेला असे. पुढे एका मित्राच्या घरी त्याने कंट्रोलर पाहिला आणि त्याच्या ध्यानात आले की, तेथे खेळाडू पळवण्याचे काम डाव्या अंगठ्याकडे असते. अंगठा तर होता! मग पाहुण्यांनी हातावर ठेवलेले, दिवाळीचे, कसले कसले पैसे साठवून त्याने तालुक्याच्या गावातल्या एका दुकानातून हा वापरलेला कंट्रोलर आणला. खोके नाही, माहितीपत्रक नाही, वायरसुद्धा नाही.

आमच्या आबांच्या मोबाइलच्या चार्जरची वायर त्याला बसली. ती संगणकाला जोडताच कंट्रोलरवरचे चार बारके दिवे लुकलुकू लागले. धाकटा आनंदाने ओरडलाच. पण खेळ सुरू केला तर पडद्यावर काहीही हलेना. वायर काढली, पुन्हा घातली. संगणक बंद करून सुरू केला. पुढच्या खाचेतून काढून मागच्या खाचेत घातली. दिवे लुकलुकत, खेळाडू उभेच. दुसऱ्या दिवशी दुकानात गेलो, तर दुकानदार म्हणाला, "ताई, माल चेक करून दिलाय. तुमचा कॉम्प्युटरच जुना हाय, त्याला मी काय करणार?" आमचा संगणक जुना होता हे खरेच, म्हणून मला उत्तर सुचले नाही. धाकटा बसमध्ये एक शब्द बोलला नाही.

सुट्टी संपल्यावर मी तो कंट्रोलर पिशवीत घालून कॉलेजात आणला. आमच्या संगणककक्षातल्या मदतनीस काकांनी तास संपल्यावर तो तेथल्या संगणकाला कॅमेऱ्याच्या वायरीने जोडून पाहिला, आणि तो लागलीच चालू झाला. माझे तोंड उतरले. म्हणजे दुकानदाराचे खरे होते तर! पण काका म्हणाले, "अगं, आपण दोन गोष्टी बदलल्या. संगणकपण बदलला आणि वायरपण बदलली. तुझी वायर लाव बघू." माझी वायर लावली. कॉलेजच्या नव्या संगणकावरही तोच प्रकार: दिवे लुकलुक, बाकी शुकशुकाट.

यूएसबीच्या साध्या वायरीत आत चार तारा असतात. तांबडी आणि काळी या दोन वीज नेतात, पाच व्होल्टची. पांढरी आणि हिरवी या दोन माहितीची ने-आण करतात. स्वस्त चार्जरबरोबर येणाऱ्या काही वायरींत पैसे वाचवण्यासाठी पांढरी आणि हिरवी घातलेलीच नसते. मोबाइल भरायला वीज पुरते, म्हणून कोणाच्या लक्षात येत नाही. कंट्रोलरला वीज मिळत होती, म्हणून दिवे लागत होते. त्याला बोलायला मात्र तोंडच नव्हते. तेव्हा दिवा लागला यावरून वस्तू जोडली गेली असे समजू नये, हा पहिला धडा. माहिती नेणारी वायर बाजारात 'डेटा केबल' म्हणून मागावी. दुसरा धडा काकांचा: बिघाड शोधताना एका वेळी एकच गोष्ट बदलावी. मी घरी अर्ध्या तासात पाच गोष्टी बदलल्या होत्या आणि त्यामुळे मला काहीच कळले नव्हते. संगणकाची पेटी जुनी असेल, तर मागच्या बाजूची खाच आधी वापरावी हेही येथेच सांगून ठेवते. मागच्या खाचा मुख्य पाटीवरच बसवलेल्या असतात. पुढच्या खाचा आतून वायरीने जोडलेल्या असतात आणि त्या सैल होतात.

डेटा केबल घेऊन शनिवारी घरी गेले. आता कंट्रोलर संगणकाला दिसतो की नाही, हे खेळ न उघडताही पाहता येते. विंडोजमध्ये खिडकीचे चिन्ह असलेली कळ आणि 'आर' ही कळ एकदम दाबावी. एक छोटा चौकोन उघडतो. त्यात जे, ओ, वाय ही अक्षरे, मग टिंब, मग सी, पी, एल अशी अक्षरे इंग्रजीत लिहून एंटर दाबावे. जोडलेल्या कंट्रोलरांची यादी येते. आपले नाव निवडून 'प्रॉपर्टीज' उघडले की एक पान दिसते. त्यात एका चौकोनात अधिकचे चिन्ह असते, ते दांडीबरोबर हलते. खाली क्रमांक घातलेले तांबडे ठिपके असतात, बटण दाबले की एकेक उजळतो. यादीत नावच नसेल, तर दोष वायरीत, खाचेत किंवा कंट्रोलरमध्ये. नाव आहे, ठिपकेही उजळतात, पण खेळ ओळखत नाही, तर दोष पुढे कोठेतरी. अर्धे रान येथेच मोकळे होते.

आमच्या यादीत नाव आले. ठिपके उजळले. धाकट्याने सगळी बटणे पाच-पाच वेळा दाबून पाहिली. आणि खेळ सुरू केला, तर पुन्हा सगळे खेळाडू खांबासारखे उभे!

येथे मला भाषाविज्ञानाचा तास आठवला, हे मी थट्टेने सांगत नाही. शब्द आणि त्याचा अर्थ यांचा संबंध नैसर्गिक नसतो, तो समाजाने ठरवलेला असतो, असे सोस्यूरच्या नावावर आपण परीक्षेत लिहितो. कंट्रोलरचे तंतोतंत तेच आहे. आपण 'फटका' म्हणून बटण दाबतो, तेव्हा कंट्रोलर 'फटका' असे काही म्हणत नाही. तो एवढेच कळवतो की, दोन क्रमांकाचे बटण दाबले गेले. दांडीबद्दल तो 'डावीकडे पळ' म्हणत नाही, आडव्या दिशेचा आकडा इतका आहे, असे म्हणतो. त्या आकड्याचा अर्थ काय, ते खेळ ठरवतो. आणि ठरवताना दोघांची भाषा एक नसली, तर दोघेही धडधाकट असून एकमेकांना मुके ठरतात.

हे असे का झाले, त्याला थोडा इतिहास आहे. १९८१ साली आयबीएम कंपनीने आपला पर्सनल कॉम्प्युटर बाजारात आणला, तेव्हा त्याला जॉयस्टिक जोडण्यासाठी पंधरा टाचण्यांची एक खाच असलेले कार्ड वेगळे मिळत असे. जॉयस्टिकच्या दांडीखाली दोन बदलते विद्युतरोध असत, एक आडव्या दिशेसाठी आणि एक उभ्या. संगणकाला रोध थेट मोजता येत नव्हता. म्हणून युक्ती अशी होती: त्या रोधातून वीज सोडून एक धारित्र भरू द्यायचे आणि ते भरायला किती वेळ लागतो ते मोजायचे. नळ किती उघडा आहे हे दिसत नसेल, तर त्याखाली हंडा ठेवून तो किती वेळात भरतो ते पाहावे, तसे. रोध शून्य असेल तर सुमारे २४ मायक्रोसेकंद, एक लाख ओहम असेल तर सुमारे ११०० मायक्रोसेकंद. खेळाचा प्रोग्रॅम हंडा भरेपर्यंत एक, दोन, तीन असे आकडे मोजत बसे. पण वेगवान संगणक तेवढ्याच वेळात जास्त आकडे मोजी, आणि मग दांडी मध्ये असूनही खेळाला ती टोकाला गेल्यासारखी वाटे. म्हणून दांडी या टोकाला न्या, त्या टोकाला न्या, मध्ये सोडा, असा मोजणीचा विधी करावा लागे. त्याला 'कॅलिब्रेशन' म्हणतात, आणि मघाच्या त्या प्रॉपर्टीजच्या पानाशेजारी तो अजून आहे. तेथे हौसेने हात घालू नये. एकदा मोजणी चुकली की चांगली दांडीही वाकडी चालते. घातलाच आणि बिघडले, तर तेथेच 'रिसेट टु डीफॉल्ट' हे बटण आहे.

१९९६ साली यूएसबी आली. तिने ही हंड्याची भानगड मिटवली. आता कंट्रोलर स्वतःच आकडे मोजतो आणि जोडल्याबरोबर संगणकाला आपली ओळख सांगतो: मला इतकी बटणे आहेत, इतक्या दांड्या आहेत. पण बटणांना तो फक्त क्रमांक देतो. एका कंपनीचे एक क्रमांकाचे बटण खाली, दुसरीचे डावीकडे. प्रत्येक खेळात प्रत्येक कंट्रोलरसाठी बटणे नव्याने शिकवावी लागत. मायक्रोसॉफ्टच्या ज्या जुन्या पद्धतीत हे चाले, तिचे नाव डायरेक्टइनपुट. मग २००५ साली एक्सबॉक्स ३६० हे यंत्र आले आणि त्याबरोबर एक्सइनपुट ही नवी पद्धत. तिने सांगितले, क्रमांक बंद. चार बटणांची नावे ए, बी, एक्स, वाय. खाली ए, उजवीकडे बी, डावीकडे एक्स, वर वाय. दोन दांड्या, खांद्यावर दोन बटणे, त्यांच्याखाली दोन ट्रिगर. सर्वांनी एवढेच बोलायचे. खेळ करणाऱ्यांचे काम इतके सोपे झाले की, पुढचे पुष्कळ खेळ एवढी एकच भाषा जाणतात. जुन्या भाषेत कितीही ओरडा, त्यांना ऐकू येत नाही.

आमचा कंट्रोलर जुन्या भाषेत ओरडत होता. काही कंट्रोलरांना पाठीवर एक्स आणि डी अशी दोन अक्षरे असलेली सरकती कळ असते; ती एक्सकडे सरकवली की झाले. आमच्यावर कळ नव्हती. पण अनेक स्वस्त कंट्रोलरांत मधले बटण काही सेकंद दाबून धरले की भाषा बदलते. धाकट्याने ते दाबून धरले, मी मोठ्याने आकडे मोजले; पाचाला दिव्यांची मांडणी बदलली. यादी पुन्हा उघडली, तर आधीचे परके नाव जाऊन तेथे 'कंट्रोलर, एक्सबॉक्स ३६० फॉर विंडोज' असे आले होते. वस्तू तीच, नाव बदलले आणि खेळाने दार उघडले.

चिन्हांच्या या गोष्टीत एक गंमत आहे, ती सांगितल्यावाचून राहवत नाही. सोनीच्या प्लेस्टेशनवर (१९९४) बटणांना अक्षरे नाहीत. त्रिकोण, वर्तुळ, फुली आणि चौकोन आहेत. ती तेइयू गोतो या जपानी रचनाकाराने ठरवली. जपानी शाळेत बरोबर उत्तराला वर्तुळ आणि चुकीच्याला फुली मिळते, म्हणून वर्तुळ म्हणजे 'हो' आणि फुली म्हणजे 'नाही'. अमेरिकेत आणि युरोपात मात्र खेळांनी फुलीलाच 'हो' केले. पंचवीस वर्षे जपानी खेळाडू वर्तुळाने होकार देत होते आणि बाकीचे फुलीने. शेवटी २०२० साली प्लेस्टेशन ५ आले, तेव्हा जपानातही फुलीचा अर्थ 'हो' करण्यात आला. ज्यांचा अंगठा लहानपणापासून वर्तुळावर गेला, त्यांचे काय झाले असेल! आणि आमच्याकडे तर गुरुजी चुकलेल्या शब्दाभोवतीच तांबडे वर्तुळ काढतात.

असो. खेळ सुरू झाला. धाकट्याने अंगठ्याने दांडी ढकलली आणि खेळाडू पळाला. त्याने अंगठा उचलला, तरी खेळाडू पळतच राहिला. डावीकडे, थेट मैदानाच्या कोपऱ्यात जाऊन तो कुंपणाला धडका मारू लागला. धाकट्याने माझ्याकडे पाहिले. मला वाटले, आता मात्र नऊशे रुपये पाण्यात गेले.

या दुखण्याला 'ड्रिफ्ट' म्हणतात आणि वापरलेल्या कंट्रोलरात ते फार आढळते. दांडीखाली आजही बहुतेक ठिकाणी तेच दोन बदलते रोध असतात. कार्बनचा एक पट्टा आणि त्यावरून घासत जाणारी एक बारीक पत्र्याची जीभ. हजारो वेळा घासून पट्टा झिजतो, त्यावर चुरा साचतो, आणि दांडी मध्ये उभी असली तरी आकडा मधला येत नाही. एक्सइनपुटमध्ये दांडीचा आकडा उणे ३२७६८ ते अधिक ३२७६७ असा असतो, मध्ये शून्य. नवी दांडीसुद्धा सोडल्यावर अगदी शून्यावर येत नाही. म्हणून मधोमध थोडी जागा मेलेली धरतात. त्या जागेत आकडा हलला तरी खेळाने लक्ष द्यायचे नाही. मायक्रोसॉफ्टने डाव्या दांडीसाठी सुचवलेली ही मृत जागा ७८४९ आहे, म्हणजे टोकाच्या जवळजवळ चौथा हिस्सा. आमच्या दांडीचे अधिकचे चिन्ह सोडल्यावरही मध्यापासून बरेच डावीकडे राहत होते.

आबा मागे खाटेवर बसून हे सगळे पाहत होते. आबा चौथीपर्यंत शिकले. ते म्हणाले, "ते आत रेडिओच्या व्हॉल्यूमसारखं हाय म्हणतीस न्हवं? रेडिओ खरखरला तर आपण काय करतो?" आमच्या घरी आजोबांचा रेडिओ अजून आहे. त्याच्या आवाजाचे बटण फिरवताना खरखर झाली की आबा ते या टोकापासून त्या टोकापर्यंत भराभरा वीस-पंचवीस वेळा फिरवतात; पट्ट्यावरची घाण बाजूला होते आणि खरखर थांबते. व्हॉल्यूमच्या आतला भाग आणि दांडीखालचा भाग, दोन्ही एकाच जातीचे. संगणकातले मी त्यांना सांगत होते आणि उपाय त्यांनी सांगितला. कंट्रोलर वायरीपासून सोडवून त्यांनी मांडीवर घेतला आणि दांडी चारी बाजूंना दाबून गोल गोल फिरवत बसले, जात्यावर बसावे तसे. पाच मिनिटांनी जोडून पाहिला. चिन्ह मध्याच्या पुष्कळ जवळ आले होते, अगदी मध्यावर नव्हते. उरलेली कसर आम्ही मृत जागा थोडी वाढवून भरून काढली. ती सोय काही खेळांत 'डेड झोन' या नावाने असते. फार वाढवू नये. तेवढ्या भागात दांडी हलवूनही खेळाडू हलत नाही, आणि हळू चालण्याची बारीक हालचाल हातची जाते.

हा इलाज कायमचा नाही. झिजलेला पट्टा फिरवून भरून येत नाही. दांडीचा भाग उखडून नवा बसवता येतो, पण त्याला डाग देण्याचे काम यावे लागते. ज्यांना नवा कंट्रोलर घ्यायचा आहे, त्यांनी हॉल सेन्सरवाला पाहावा. त्यात घासणारे काही नसते; दांडीला चुंबक असते आणि त्याचे क्षेत्र मोजले जाते. एडविन हॉल याने हा परिणाम १८७९ साली शोधला. सेगा कंपनीने १९९८ च्या ड्रीमकास्टच्या दांडीत तो वापरलाही होता. पुढे बहुतेकांनी पुन्हा घासणारी पद्धतच धरली.

बिनतारी कंट्रोलरांबद्दल दोन शब्द, कारण वसतिगृहात तेच जास्त दिसतात. ज्यांच्याबरोबर यूएसबीचे छोटे बोंडूक येते, त्यांनी ते बाहेरच्या हार्ड डिस्कच्या शेजारच्या खाचेत घालू नये. यूएसबी ३ च्या वायरींतून आणि खाचांतून त्याच लहरींच्या आसपास गोंगाट निघतो आणि कंट्रोलर अडखळतो. ब्लूटूथवाल्यांनी आधी कंट्रोलर जोडणीच्या तयारीत आणावा: एक्सबॉक्सचा असेल तर वरच्या कडेचे छोटे बटण तीन सेकंद, प्लेस्टेशन ४ चा असेल तर शेअर आणि मधले पीएस ही दोन्ही बटणे दिवा भराभर लुकलुकेपर्यंत. मग संगणकाच्या सेटिंगमध्ये ब्लूटूथखाली नवे उपकरण जोडावे. पूर्वी मोबाइलला जोडलेला कंट्रोलर मोबाइलकडेच धाव घेतो, तेव्हा मोबाइलचे ब्लूटूथ आधी बंद करावे. आणि सेल उतरले की तो वेड्यासारखा वागतो. बाकी काही उघडण्याआधी ते पाहावे.

आता आमच्या घरची शेवटची अडचण. पळणे झाले डाव्या अंगठ्याने. पास, फटका, हिसकावणे झाले उजव्या अंगठ्याने. जोरात धावणे उजव्या तर्जनीने. डावा तळवा कंट्रोलरला खालून आधार देतो आणि मांडीवर उशी घेतली की तो डगमगत नाही. पण चेंडू दुसऱ्या संघाकडे गेला की आपला खेळाडू बदलावा लागतो, आणि ते बटण डाव्या खांद्यावर होते. तेथे डावी तर्जनी लागते. धाकटा उजवा हात उचलून पलीकडे नेई आणि तेवढ्यात गोल होई. तीन सामने तो असे हरला. चौथ्यात त्याने कंट्रोलर उशीवर ठेवला आणि म्हणाला, "हे दोन हातवाल्यांचंच हाय."

मला एकदम उमगले की हे वाक्य चूक आहे. खेळाडू बदलणे हा अर्थ त्या बटणात भरलेला नाही. तो कोणीतरी नेमून दिला आहे, आणि नेमून दिलेले बदलता येते. काही खेळांत ही सोय आतच असते. आमच्या खेळात होती, पण अपुरी. म्हणून स्टीम हा प्रोग्रॅम घेतला. तो फुकट मिळतो. त्यात स्टीमबाहेरचा खेळही यादीत जोडता येतो आणि मग त्याच्या कंट्रोलरच्या मांडणीत कोणत्याही बटणाला कोणत्याही बटणाचे काम देता येते. स्टीम मध्ये दुभाष्यासारखा बसतो. कंट्रोलर एक बोलतो, तो खेळाला दुसरे सांगतो. उजवी दांडी नुसती फिरत नाही, ती खाली दाबलीही जाते आणि त्याची टिचकी बसते. आमच्या खेळात त्या टिचकीला काम नव्हते. तिला डाव्या खांद्याचे काम दिले. एक सावधगिरी मात्र घ्यावी. काही वेळा खेळ दुभाष्याचेही ऐकतो आणि मूळ कंट्रोलरचेही, आणि मग एका दाबाला दोन उड्या होतात. असे झाले तर दोन दुभाषे लावलेले नाहीत ना, ते पाहावे आणि एक काढून टाकावा.

अशा हातांसाठी मुद्दाम केलेले कंट्रोलरही आहेत, हे मला या शोधात कळले. मायक्रोसॉफ्टने २०१८ साली एक आणला. त्यावर दोन मोठी बटणे आहेत आणि पाठीमागे बाहेरची बटणे जोडण्यासाठी १९ छोटी छिद्रे. पायाने, कोपराने, हनुवटीने, ज्याला जसे जमेल तसे बटण तेथे जोडावे. सोनीचा तसा कंट्रोलर डिसेंबर २०२३ मध्ये आला. पहिल्याची किंमत सुरुवातीला १०० डॉलरच्या घरात होती. मी ती रुपयांत मांडली आणि धाकट्याला सांगितली नाही.

नव्या मांडणीने तो पहिला सामना बरोबरीत सुटला. दुसरा त्याने जिंकला. स्टीममध्ये मांडणीला नाव देऊन ती जपून ठेवता येते. त्याने एका हाताने कळा हुडकत 'उजवा' असे नाव दिले. आता शेजारची पोरे आमच्याकडे खेळायला येतात आणि पहिल्याच मिनिटाला डाव्या खांद्याचे बटण दाबून "ह्ये चालंना" म्हणून ओरडतात, तेव्हा तो त्यांना टिचकी कोठे आहे ते दाखवतो. पाहुण्यांसाठी नेहमीची मांडणी मी वेगळी ठेवली आहे. ती तो क्वचितच लावतो.

सध्या वायर कंट्रोलरमध्ये शिरते तेथे सैल झाली आहे. ती थोडी वर उचलून धरली तरच संपर्क होतो, म्हणून आम्ही खाली आगपेटी सरकवली आहे. संगणककक्षातल्या काकांकडे डाग द्यायची सळई आहे. परीक्षा झाली की त्यांच्याकडून शिकून घ्यायचे ठरवले आहे.